उदाहरणासह स्पष्ट करा

एम.ए. भाग एक, पेपर तिसरा. फळ्यावर मी लिहितो:
जगाला पोलीस नाही.
पोरं उतरवून घेतात.
खिडकीबाहेर मालवणचं बंदर, ओहोटीला लागलेलं.
शेवटच्या बाकावरून इनास रॉड्रिक्स,
बोटांना डिझेलचा वास,
विचारतो, सर, समुद्रालाही नाही ना?

पुढच्या तासाला मत्स्यन्याय.
मोठा मासा लहान माशाला खातो.
जुना दाखला, मला तो फार आवडायचा.
संध्याकाळी लिलावात जयवंतीबाय खवणेकरणीला सांगितला
तर ती सुरमईचं शेपूट धरून हसत सुटली.
"पोट भरला काय मासो गप ऱ्हवता, मास्तर.
माणूस पोट भरल्यावर शेजाऱ्याच्या होडयेत बघता."

त्या वर्षी कातळवाडीने नऊ अश्वशक्तीचं इंजिन बसवलं.
म्हणाले, वारा पडला तर घरी यायला.
रेवेवाडीने अठराचं.
म्हणाले, त्यांनी बसवलं म्हणून.
मग दिवे आले, रात्रीचा समुद्र लग्नघरासारखा पेटला,
मग बर्फाच्या पेट्या,
मग पेट्यांच्या तळाशी दगड.
कुणीच खोटं बोलत नव्हतं.
दोन्ही वाड्या खरंच घाबरल्या होत्या.

नारळी पुनवेला देवळात तह झाला.
पाच वावांच्या आत यांनी, बाहेर त्यांनी.
आवडू केळुसकराने गाऱ्हाणं घातलं:
बा देवा म्हाराजा, जो कोण खोटो वागात
त्येका तू बघून घे...
होय म्हाराजा!
दोन्ही वाड्या एका सुरात, अंगावर काटा यावा अशा,
आणि जो तो मनातल्या मनात
समोरच्या रांगेकडे बोट दाखवत होता.

तह गौरी जाईपर्यंत टिकला.

मी इथला नव्हे. माझं ना जाळं ना होडी.
तरी त्या रात्री बंदरावर आरडाओरडा झाला,
कुणाची तरी होडी फोडली म्हणाले,
तेव्हा अंथरुणातून उठता उठता
मी पहिल्यांदा विचारलं, कुणाची?
आणि "रेवेवाडीची" ऐकून
(भाड्याची खोली माझी कातळवाडीत)
पुन्हा पांघरूण घेतलं.
हे मी वर्गात सांगितलेलं नाही.

दिवाळीनंतर परीक्षा. प्रश्न चौथा, गुण पंधरा:
सत्तासंघर्षाचं मूळ मानवी स्वभावात आहे. उदाहरणासह स्पष्ट करा.
बाकीच्यांनी दोन महायुद्धं लिहिली, पुरवण्या जोडल्या.
इनासने अर्ध पान.
ऑक्टोबरच्या वावटळीत रेवेवाडीची एक होडी उलटली.
चौघेजण तीन तास पाण्यात.
आम्ही त्यांना वर ओढलं, माझ्या बापाने आपला सदरा दिला.
घरी नेऊन पेज घातली, वर भाजलेला सुका बांगडा.
त्यांचं जाळंही आम्हीच वर काढलं.
ते आम्ही ठेवून घेतलं.
सर, यातलं स्वभाव कुठलं ते मला ठरवता आलं नाही.

लाल पेन तसंच हातात.
तपासनिसाच्या नमुना उत्तरात
पेज नव्हती.

दुसऱ्या दिवशी पहाटे किनाऱ्यावर रापण ओढत होते.
इथली रीत जुनी आहे: दोराला हात लावला
की वाटा, मग तो गावचा असो की वाटसरू.
मीही लावला. वाळूत टाचा रुतवून,
अनोळखी पाठीमागे पाठ,
हुश्श म्हणत आम्ही एक झालो तासभर,
आणि मला वाटलं, उद्या वर्गात हेच सांगावं,
फळ्यावरचं ते वाक्य पुसावं.

वाटे पडले. जयवंतीबायने माझ्या पिशवीत
तीन बांगडे टाकले, ताजे, डोळे अजून काचेसारखे.
फुकटचे, दोन दिवसांचं कालवण.
शेजारच्या बँकेतल्या परुळेकरांना चार.

घरी येईपर्यंत मी
त्या चौथ्या बांगड्याबरोबर चालत होतो.